निशांगणाचं पंचांग आणि इंदूरचे सहा दिवस

पहिला दिवस, अश्विन शुद्ध एकादशी

रात्रभर ट्रेनमध्ये नीट झोप झाली नाही, सकाळी इंदूरला उतरले आणि रिक्षा करून थेट रामबागेत मावशीकडे. तिची एकादशी होती म्हणून तिच्यापुरती साबुदाण्याची खिचडी आणि माझ्यासाठी पोहे, वरून शेव आणि जिरावन, बाजूला जिलबी. मावशी म्हणाली, "पहिले खाऊन घे, मग बोल काय बोलायचंय ते." मला खरंच खूप बोलायचं होतं.

तर आधी हे सांगते की मी इंदूरला का आले. आमचा पुण्यात एक ग्रुप आहे, दर शनिवारी आम्ही फासे टाकून एक कथेचा गेम खेळतो आणि त्यातलं जग मी रचते. त्या जगाचं नाव निशांगण. तिथे सूर्य कायम धुळीच्या पडद्यामागे असतो, दिवसा नुसता धुरकट उजेड पडतो आणि सूर्य नेमका कुठे आहे ते कुणालाच दिसत नाही. रात्री मात्र धूळ खाली बसते, आभाळ स्वच्छ होतं आणि दोन चंद्र दिसतात, थोरली आणि धाकटी, दोघी स्वतःच्या उजेडाने चमकणाऱ्या, म्हणजे आपल्या चंद्रासारख्या कला नाहीत. आणि एवढं सगळं असूनही मी कॅलेंडर काय केलं होतं, तर १३ महिने, प्रत्येक २८ दिवसांचा, झाले ३६४. चंद्र नुसते शोभेला.

मागच्या महिन्यात एका मैत्रिणीने विचारलं की हा डोंगरातला मेंढपाळ आणि तो समुद्रावरचा नावाडी सातव्या महिन्याच्या नऊ तारखेला बंदरावर भेटायचं ठरवतात, पण आज नऊ तारीख आहे हे त्या दोघांना कळतं कसं, भिंतीवर कॅलेंडर तर कुणाकडेच नाही. मला उत्तर देता आलं नाही. त्या रात्रीपासून ते डोक्यातून जाईना. मावसभाऊ ऑनलाईन आमच्यात खेळतो, तो म्हणाला ताई तू कोजागिरीला इकडे ये, उज्जैनला वेधशाळा दाखवतो. म्हणून आले.

रात्री त्याच्याबरोबर सराफ्यात. सराफ्याची खरी गंमत भुट्ट्याच्या किसापेक्षाही वेळेची आहे असं मला वाटतं, दिवसभर सोन्याचांदीची दुकानं, मग एकेक शटर खाली येतं आणि त्याच शटरसमोर कढया लागतात, एकाच गल्लीचे दोन दिवस. मी तिथेच उभ्या उभ्या वहीत लिहिलं की निशांगणातला बाजार थोरली उगवली की भरतो. थोरली रोज साधारण अर्धा तास उशिरा उगवते (ती ४५ दिवसांत एक फेरी पूर्ण करते, त्यावरून हिशोब), म्हणजे बाजार रोज अर्धा तास पुढे सरकत जाणार, आणि ती दिवसा उगवायला लागली की धुळीमुळे दिसणारच नाही, तेव्हा बाजार बंद आणि लोक शेतावर. तीनेक आठवडे बाजार, तीनेक आठवडे शेत. हे मला घरी टेबलावर बसून कधी सुचलं नसतं.

दुसरा दिवस, द्वादशी

उज्जैन. इंदूरहून ५५ किलोमीटरच्या आसपास, सांवेरवरून बस जाते. महाकालाचं दर्शन गर्दीत पण चांगलं झालं, त्याबद्दल जास्त लिहित नाही कारण माझं सगळं मन वेधशाळेत होतं.

वेधशाळा क्षिप्रेच्या काठाला. सवाई जयसिंगांनी ज्या पाच वेधशाळा बांधल्या, दिल्ली, जयपूर, मथुरा, वाराणसी आणि ही, त्यातली ही. मधल्या काळात पडझड झाली आणि मग १९२३ मध्ये माधवराव शिंद्यांनी तिचा जीर्णोद्धार केला, आणि ते काम बघणारे होते गोविंद सदाशिव आपटे. हे नाव ऐकून मला फार बरं वाटलं, एक मराठी माणूस इथे उन्हात उभा राहून सावल्या मोजत होता.

सम्राट यंत्र म्हणजे भलंमोठं सूर्यघड्याळ, त्याचा जिना उज्जैनच्या अक्षांशाइतकाच, २३ अंशांच्या जवळपास तिरका आहे, त्यामुळे त्याची कड बरोबर ध्रुवाकडे रोखलेली. दोन्ही बाजूंना वाकवलेल्या कमानी आणि त्यावर खुणा. जिन्याची सावली कमानीवर पडते आणि ती खरंच हलताना दिसते, पाच मिनिटं एकाच जागी टक लावून बसलं तर कळतं. वेळ दाखवली ती मोबाईलपेक्षा साधारण १५ मिनिटं मागे होती. तिथल्या गाईडने सांगितलं की भारताचं घड्याळ ८२.५ अंश रेखांशावर लावलेलं आहे आणि उज्जैन त्याच्या बरंच पश्चिमेला, त्यामुळे इथे सूर्य २७ एक मिनिटं उशिरा डोक्यावर येतो, त्यात ऑक्टोबरात सूर्य सरासरीपेक्षा थोडा पुढे चालतो ती मिनिटं वजा. म्हणजे सावली चुकत नाही, ती उज्जैनची वेळ सांगते. एकेकाळी भारतीय ज्योतिषात शून्य रेखांशच उज्जैनमधून धरत होते, तेव्हा बाकीच्यांनी आपली वेळ इथून मोजायची.

नाडीवलय यंत्र तर मला सगळ्यात जास्त आवडलं. दोन तोंडांची चकती आहे, एक उत्तरेकडे एक दक्षिणेकडे, मधे खिळा. मार्चच्या २०-२१ पासून सप्टेंबरच्या २२-२३ पर्यंत ऊन उत्तरेच्या तोंडावर पडतं आणि नंतर सहा महिने दक्षिणेच्या. आम्ही गेलो तेव्हा दक्षिणेचं तोंड उजळलेलं आणि उत्तरेचं सावलीत. दिनदर्शिका नाही, आकडा नाही, नुसतं कुठल्या बाजूला ऊन आहे बघायचं आणि वर्षाचा कुठला अर्धा चालू आहे ते कळतं. मेंढपाळाला हे जमेल!

आणि तिथे त्या चकतीसमोर उभी असतानाच सुचलं. निशांगणात चंद्र दोन, म्हणजे खिळ्याच्या सावल्या दोन. दोन सावल्यांमधलं अंतर हीच तारीख.

मावसभावाने लगेच मोबाईलवर गणित मांडलं. धाकटीची फेरी १५ दिवसांची, म्हणजे रोज २४ अंश. थोरलीची ४५ दिवसांची, रोज ८ अंश. दोघींमधलं अंतर रोज १६ अंशांनी वाढतं, पूर्ण ३६० व्हायला २२ दिवस आणि अर्धा. एवढ्या दिवसांनी धाकटी थोरलीला गाठते, दोन्ही सावल्या एकावर एक येतात. त्या रात्रीचं नाव भेट. आणि दोन भेटींच्या बरोबर मधे दोघी आभाळाच्या दोन टोकांना, एक उगवते तेव्हा दुसरी मावळते, दोन सावल्या एकत्र कधी दिसतच नाहीत. त्या रात्रीला नाव दिलं पाठमोरी. पाठमोरीला तारीख वाचता येत नाही म्हणून त्या रात्री कुणी कर्ज देत नाही, करार करत नाही, नाव समुद्रात घालत नाही.

मग लक्षात आलं की हे तर आपल्याकडे आहेच. तिथी म्हणजे दुसरं काय, चंद्र सूर्यापासून १२ अंश पुढे गेला की एक तिथी झाली, ३० तिथ्यांचा महिना. मी आयुष्यभर "आज एकादशी" ऐकत आले आणि तो एक कोन आहे हे मला उज्जैनच्या उन्हात उभं राहून कळलं. निशांगणात मी १५ अंशांची तिथी धरली, २४ तिथ्या. एक तिथी भरायला साडेबावीस तास लागतात, दिवस मात्र २४ तासांचा, म्हणून दर १५ दिवसांत एक तिथी गळणार.

बाहेर पडताना तो नवीन टॉवर दिसला, ८५ फुटांचा, त्यावर विक्रमादित्य वैदिक घड्याळ लावलंय. सूर्योदय ते सूर्योदय असे ३० मुहूर्त दाखवतं, २०२४ च्या २९ फेब्रुवारीला त्याचं उद्घाटन झालं. २९ फेब्रुवारी, म्हणजे चार वर्षांनी एकदा ठिगळ म्हणून लावतात तो दिवस. मुद्दाम निवडला असेल तर निवडणाऱ्याला मनापासून दाद.

तिसरा दिवस, त्रयोदशी

थकले होते. दुपारी राजवाडा बघून आलो, खालचे तीन मजले दगडी आणि वरचे लाकडी, गर्दी खूप, फोटो काढले आणि परत. बाकी दिवस घरात. पुठ्ठ्याची गोल चकती कापली, दर १५ अंशांवर तासाची रेघ मारली आणि मधे मावशीची विणकामाची सुई खोचली. मावशी म्हणे, "काय करून राहिलीस गं, सुई वाकवू नको." इंदूरचा अक्षांश २२.७, म्हणून सुई तेवढी तिरकी उचलून धरायला खाली पुस्तकं लावली. उत्तर मात्र रात्री गच्चीवर ध्रुवतारा बघूनच साधली, मोबाईलचा कंपास लोखंडी टाकीजवळ भलतंच काही दाखवत होता.

चौथा दिवस, कोजागिरी

सकाळी कालनिर्णय बघितलं तर आज चतुर्दशी! आणि त्याच चौकोनात कोजागिरी पण. मी मावशीला विचारलं हे कसं, तिने भाजी निवडता निवडता समजावलं. एरवी दिवसाची तिथी कुठली, तर सूर्य उगवताना जी असेल ती. आज उगवताना चतुर्दशी होती, पौर्णिमा दुपारी लागणार आणि उद्या सकाळी नऊच्या पुढे संपणार. पण कोजागिरी रात्रीची, लक्ष्मी मध्यरात्री येऊन विचारते कोण जागं आहे, तेव्हा मध्यरात्रीला पौर्णिमा पाहिजे, ती आज आहे. उद्याची रात्र पौर्णिमेची नाहीच. म्हणजे प्रत्येक सणाला स्वतःची वेळ आहे, कुणाला सूर्योदय, कुणाला मध्यरात्र, संकष्टीला चंद्रोदय. मी हे भराभर लिहून घेतलं, कारण माझ्या जगात सगळे सण दिवसाच्या सुरुवातीलाच सुरू होत होते आणि आता लक्षात येतंय की ते किती कोरडं होतं.

रात्री गच्चीवर आजूबाजूचे सगळे जमले. आटीव दूध, केशर, जायफळ, चारोळी, मोठं पातेलं मधोमध ठेवून त्यात चंद्र दिसेपर्यंत थांबायचं. शेजारच्या भाभींनी खीर आणली होती, ती त्या जाळी झाकून रात्रभर चांदण्यात ठेवतात आणि सकाळी खातात. दोन पातेली शेजारी शेजारी, एकच चंद्र.

मी कोपऱ्यात पुठ्ठा मांडला आणि गच्चीवरचा दिवा घालवायला लावला. चंद्राच्या उजेडात सुईची सावली पडली, फिकट, पण पांढऱ्या पुठ्ठ्यावर चांगली रेघ. आणि ती पडली वरच्या, उत्तरेच्या तोंडावर. परवा उज्जैनला ऊन दक्षिणेच्या तोंडावर होतं आणि आज चांदणं उत्तरेच्या, कारण पौर्णिमेचा चंद्र सूर्याच्या बरोबर समोर असतो, सूर्य दक्षिणेत गेला की पौर्णिमेचा चंद्र उत्तरेत. मी अक्षरशः ओरडलेच.

मोबाईलमध्ये साडेअकरा, सावली पण साधारण साडेअकराच्या रेघेवर. पौर्णिमेला चंद्र सूर्याचं काम करतो, सूर्य मध्यान्हीला जिथे असतो तिथे हा मध्यरात्री, म्हणून सूर्याची तबकडी चंद्रालाही चालते. पण मावसभाऊ म्हणाला ताई, १५ मिनिटं मागे का नाही, उज्जैनला तर होती. बरोबर विचारलं त्याने. बराच वेळ डोकं लावल्यावर उलगडलं, पूर्ण पौर्णिमा भरायला अजून नऊ-दहा तास होते, चंद्र अजून सूर्याच्या समोर पोचायचा होता, त्यामुळे तो तेवढा लवकर डोक्यावर येणार, म्हणजे घड्याळ तेवढंच पुढे. इंदूर पश्चिमेला म्हणून मागे आणि चंद्र पोचायचाय म्हणून पुढे, दोन्हींनी एकमेकांना खाऊन टाकलं. काकांनी दुधाचा पेला हातात दिला तेव्हा तो केव्हाच गार झाला होता, तरी इतकं छान दूध मी बऱ्याच वर्षांत प्यायले नव्हते.

पाचवा दिवस, पौर्णिमा, सकाळी नऊपर्यंतच

दिवसभर काहीच नाही, झोप. रात्री पुन्हा गच्ची, पुन्हा साडेअकरा, आणि सावली आज पावणेअकराच्या आसपास. एका रात्रीत पाऊण तास मागे. चंद्र रोज सरासरी ५० मिनिटं उशिरा येतो हे वाचलेलं होतं पण पुठ्ठ्यावर बघितल्यावर वेगळंच वाटतं. निशांगणातल्या पहारेकऱ्यांना थोरलीची सावली वाचून रोज अर्धा तास मिळवावा लागेल, आणि किती दिवसांचे अर्धे तास मिळवायचे ते भेटीपासून मोजत येणार. म्हणजे पहारेकरी व्हायला गणित यायला हवं. एक नवीन पात्र मिळालं.

सहावा दिवस, द्वितीया

हो, द्वितीया. काल सकाळी पौर्णिमा संपून प्रतिपदा लागली आणि आज उजाडायच्या आधीच संपली, एकाही सूर्योदयाला ती नव्हती, म्हणून क्षय. चंद्र सध्या पृथ्वीच्या जवळ आहे, जवळ असला की जोरात धावतो आणि तिथ्या लहान होतात, कधी २० तासांची तिथी तर लांब गेल्यावर कधी २६ च्या जवळपास. माझी धाकटी थोरली अगदी एका चालीने चालत होत्या, आता धाकटीला कधी घाई कधी सुस्ती द्यावी लागणार.

पण आजची खरी गोष्ट सकाळी जिन्यात घडली. भाभी खिरीची वाटी घेऊन आल्या आणि मावशीला म्हणाल्या, "कार्तिक लग गया दीदी, अब दिवाली की सफ़ाई।" मावशी हसून म्हणाली आमचा तर अजून अश्विनच आहे, कार्तिक दिवाळीनंतर. दोघींना यात काही विशेष वाटलं नाही, भाभी वाटी देऊन गेल्या. मी मात्र जिन्यातच बसले.

इंदूरच्या मराठी घरांत महिना अमावस्येला संपतो आणि शेजारच्या हिंदी घरांत पौर्णिमेला. शुक्ल पक्ष दोघांचा एकच नावाचा. कृष्ण पक्षाचं नाव मात्र त्यांच्याकडे एक महिना पुढे. आमचं लक्ष्मीपूजन अश्विन अमावस्येला, त्यांचं कार्तिक अमावस्येला, आणि फटाके एकाच रात्री. श्रावणाचे सोमवार भाभींचे आधी सुरू होतात आणि आधी संपतात. महाकालाची सवारी तर श्रावण संपून भादवा लागला तरी निघते, कारण मराठ्यांच्या हिशोबाने तो अजून श्रावणच असतो, असं काका सांगतात. आणि सगळ्यात भारी म्हणजे नवं वर्ष दोघांचंही चैत्र शुद्ध प्रतिपदेला, पण त्यांचा चैत्र तर होळीच्या दुसऱ्या दिवशीच लागलेला असतो, म्हणजे त्यांचं वर्ष महिन्याच्या मधोमध बदलतं. अधिक महिना आला तर अजूनच, तो त्यांच्या महिन्याच्या दोन पंधरवड्यांच्या मधे जाऊन बसतो, सँडविचसारखा. पिढ्यानपिढ्या एकाच वाड्यात, एकाच नळावर असे दोन महिने चालू आहेत आणि मावशीला ४० वर्षांत एकदाही दिवस चुकला नाही.

मेंढपाळ आणि नावाडी! त्यांना एका कॅलेंडरवर आणायचा खटाटोपच चुकीचा होता.

ट्रेनमध्ये पूर्ण संध्याकाळ लिहित बसले. निशांगणातले डोंगरवाले भेट ते भेट महिना मोजतात. दर्यावाले पाठमोरी ते पाठमोरी, कारण समुद्रावर तारीख न दिसणारी रात्र हीच सगळ्यात मोठी घटना, ती पार पडली की नवा महिना. त्यामुळे भेटीपासून पाठमोरीपर्यंतचा अर्धा दोघांचा एकाच नावाचा आणि पाठमोरीपासून भेटीपर्यंतचा वेगळ्या नावाचा. १६ भेटींचं वर्ष, ३६० दिवस, पण ऋतू फिरून यायला ३६८ लागतात, ८ दिवस कमी पडतात, म्हणून तीनेक वर्षांनी एक उपरी भेट घालायची, ती डोंगरवाल्यांकडे सरळ एका महिन्यामागे उभी राहते आणि दर्यावाल्यांकडे एका महिन्याच्या पोटात शिरते. आणि मेंढपाळ नावाड्याला सांगणार ते असं, तुझा कुठलाही महिना असू दे, थोरली आणि धाकटीच्या सावल्यांत तीन बोटं राहिली की बंदरावर ये.

रात्री खिडकीतून चंद्र दिसला तेव्हा जेवणं उरकून डब्यातले दिवे घालवले होते. पुठ्ठा बॅगेत होता पण हलत्या गाडीत उत्तर कुठून आणणार.

शनिवारच्या गेमच्या पानावर तारीख दोन ओळींत लिहिली, वर डोंगरांची, खाली दर्याची, आणि ग्रुपवर टाकली. पाच मिनिटांत मावसभावाचा मेसेज. त्याचं पात्र खाडीपलीकडचं आहे, राजाच्या फर्मानात नुसतं "सातवा महिना संपण्याआधी कर भरा" असं लिहिलंय, कुणाचा सातवा ते लिहिलेलं नाही, तर तो त्याला सोयीचा धरणार आणि अजून ११ दिवस एक नाणंही देणार नाही.